सबळीकरण योजनेच्या अर्जावरचं नाव: आंबे-दिंडोरीचे कर्मवीर दादासाहेब गायकवाड कोण होते?

समाजकल्याणच्या ऑफिसात भूमिहीनांच्या जमिनीची चौकशी केली की एक लांबलचक नाव कानावर पडतं. कर्मवीर दादासाहेब गायकवाड सबळीकरण व स्वाभिमान योजना. अर्ज भरणारा माणूस घाईत असतो. जातीचा दाखला, दारिद्र्यरेषेचा दाखला, भूमिहीन असल्याचा दाखला, झेरॉक्स, फोटो, यातच त्याचा दिवस जातो. ज्या माणसाच्या नावानं ही योजना आहे तो कोण, हे विचारायला त्याला सवड नसते आणि सांगायला समोरच्यालाही नसते. आडनावावरून कोणी बडोद्याच्या राजघराण्याशी नातं जोडलं तरी नवल नाही.

दादासाहेब आपल्याच जिल्ह्यातले. दिंडोरी तालुक्यातलं आंबे हे त्यांचं गाव. १५ ऑक्टोबर १९०२ चा जन्म. पूर्ण नाव भाऊराव कृष्णराव गायकवाड. जात महार, म्हणजे त्या काळात गावाबाहेरचा वाडा आणि गावाचं पाणी बंद.

आधी महार वतन म्हणजे काय ते सांगायला पाहिजे, कारण आजच्या पोरांना ते फक्त सातबाऱ्यावरच्या शेऱ्यात दिसतं. गावाची आणि सरकारची कामं पिढीजात महारांकडे असत. सारा पोचवायचा, निरोप घेऊन दुसऱ्या गावी पळायचं, येसकर म्हणून वेशीवर थांबायचं, शिवेचा वाद झाला की हद्द दाखवायची, मेलेलं जनावर ओढायचं. कामाला वेळ नाही, काळ नाही. मोबदला काय? वतनाचा जमिनीचा तुकडा आणि घरोघर फिरून आणलेली भाकरी. तो तुकडाही भाऊबंदांत वाटून वाटून इतका लहान व्हायचा की त्याच्यावर कोणाचंच पोट भरत नसे. पण वतन आहे म्हणून राबणूक मात्र सगळ्या घरांवर. डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी १९२८ साली मुंबईच्या कायदे कौन्सिलात या वतनाविरुद्ध बिल आणलं होतं. ते तेव्हा पार पडलं नाही.

याच काळात भाऊराव नाशिक भागात बाबासाहेबांचे कार्यकर्ते म्हणून पुढे आले आणि १९३० साली त्यांचं नाव सगळीकडे झालं. निमित्त होतं पंचवटीतल्या काळाराम मंदिराचं.

हे मंदिर पेशवाईत सरदार ओढेकरांनी बांधलेलं. दगड काळा, बांधकाम भक्कम. रामाच्या दर्शनाला सगळा मुलूख यायचा, फक्त अस्पृश्यांना दार बंद. भाऊराव सत्याग्रह समितीचे सचिव होते. २ मार्च १९३० ला बाबासाहेबांच्या नेतृत्वाखाली हजारो माणसांची मिरवणूक मंदिरावर गेली. बाया पण शेकड्यांनी होत्या. दरवाजे बंद केलेले, पोलीस उभे. मिरवणूक गोदावरीच्या घाटाकडे वळली आणि तिथं सभा झाली. दुसऱ्या दिवशी सव्वाशे पुरुष आणि पंचवीस बायांची पहिली तुकडी मंदिराच्या दरवाजांवर जाऊन बसली. लक्षात घ्या, गांधीजींची दांडी यात्रा यानंतर दहा दिवसांनी निघाली.

९ एप्रिलला रामाची रथयात्रा होती. रथ दोघांनी मिळून ओढायचा असं ठरलं. ऐनवेळी रथ पुढे पळवला गेला, दगडफेक झाली, डोकी फुटली. इथंच काम संपलं असतं तर ती एक दिवसाची बातमी झाली असती. पण सत्याग्रह कधी थांबत, कधी सुरू होत पुढे चार वर्षं चालला. या वर्षांत बाबासाहेब गोलमेज परिषदेसाठी वारंवार लंडनला होते. नाशिकचं मैदान सांभाळलं ते भाऊरावांनी. तुकड्या जमवायच्या, अटक झालेल्यांच्या घरचं बघायचं, पैशाची जुळवाजुळव करायची आणि सगळी खबर पत्रानं कळवायची. बाबासाहेबांची भाऊरावांना लिहिलेली पत्रं पुढे छापली गेली आहेत. त्यांची संख्या पाहिली तरी किती विश्वास होता ते समजतं.

शहरातल्या सत्याग्रहाची किंमत खेड्यांनी मोजली, हे फारसं सांगितलं जात नाही. ज्या गावांतून माणसं पंचवटीला गेली त्यातल्या बऱ्याच ठिकाणी वाड्यावर बहिष्कार पडला. दुकानदार माल देईना, रानातून जाणारी वाट बंद, मजुरी बंद, मारहाण. आता विचार करा. ज्याच्याकडे स्वतःचं शेत नाही त्याची मजुरी बंद केली की त्याला आठ दिवसांत गुडघे टेकावे लागतात. ज्याच्या कणगीत दाणे आहेत तो महिनाभर तरी तग धरतो. भाऊरावांनी हे गावोगाव फिरताना डोळ्यांनी पाहिलेलं. मला वाटतं, त्यांच्या पुढच्या आयुष्याचं सगळं राजकारण इथून निघालं. देवळाच्या पायरीवर बसायचं असेल तर आधी पायाखाली चार एकर पाहिजेत.

३ मार्च १९३४ ला बाबासाहेबांनी भाऊरावांना पत्र लिहून सत्याग्रह थांबवायला सांगितलं. आशय असा, की मंदिरात जाणं हा शेवटचा हेतू कधीच नव्हता, माणसं जागी व्हावीत म्हणून ते केलं. आता ताकद शिक्षणावर आणि राजकारणावर लावायची. पुढच्या वर्षी १३ ऑक्टोबर १९३५ ला आपल्या जिल्ह्यातल्याच येवल्याच्या परिषदेत बाबासाहेबांनी हिंदू म्हणून मरणार नाही ही घोषणा केली. मंदिराचा दरवाजा मात्र स्वातंत्र्य मिळेपर्यंत उघडला नाही.

१९३६ साली स्वतंत्र मजूर पक्ष निघाला. १९३७ च्या निवडणुकीत भाऊराव नाशिक पश्चिममधून मुंबई विधानसभेत निवडून गेले. वय पस्तिशीच्या आत. पुढे पक्षाचं शेड्यूल्ड कास्ट फेडरेशन झालं. १९४६ ला फेडरेशन जवळजवळ सगळीकडे पडलं. १९५२ ला तर खुद्द बाबासाहेब मुंबईत हरले. या काळात भाऊराव कुठल्या मोठ्या खुर्चीवर नव्हते. फिरत होते. त्यांचा पोशाख धोतराचा, भाषा खेड्यातली. हे धोतर पुढे राजकारणात येणार आहे म्हणून आत्ताच सांगून ठेवतो.

जमिनीचा पहिला मोठा लढा मराठवाड्यात झाला. मराठवाडा तेव्हा हैदराबाद राज्यात होता. निजामाच्या काळात पडीक आणि गायरान जमिनी कसणारी दलित कुटुंबं होती, ती तिथून हुसकावली जाऊ लागली. १९५३ साली औरंगाबाद भागात फेडरेशननं सत्याग्रह केला आणि माणसं तुरुंगात गेली. भाऊराव त्यात होते. १८ मार्च १९५६ ला आग्र्याच्या सभेत बाबासाहेबांनी बोलून दाखवलं, की शिकलेले लोक नोकरीत जाऊन बसले आणि खेड्यातल्या भूमिहीनासाठी मला काही करता आलं नाही. हे ऐकून भाऊरावांनी मनाशी काय ठरवलं ते त्यांच्या पुढच्या वागण्यावरून दिसतं. त्याच वर्षी १४ ऑक्टोबरला नागपूरची धम्मदीक्षा झाली आणि ६ डिसेंबरला बाबासाहेब गेले.

बाबासाहेबांच्या मागे पक्ष कोणी सांभाळायचा? एक नाव नव्हतं. १९५७ च्या निवडणुकीत फेडरेशन संयुक्त महाराष्ट्र समितीबरोबर होतं. त्या लाटेत दादासाहेब नाशिकमधून लोकसभेवर गेले. त्याच वर्षी ३ ऑक्टोबरला नागपुरात रिपब्लिकन पक्ष स्थापन झाला. एन. शिवराज अध्यक्ष झाले आणि दादासाहेब पहिल्या फळीतले नेते.

आता त्या वेळचा जमिनीचा हिशोब बघा. १ एप्रिल १९५७ हा कृषक दिन. कुळ कायद्यानं या दिवशी कसणारं कूळ मालक झालं. फार मोठी गोष्ट, आपल्यातल्या कित्येकांच्या घरचा सातबारा तिथूनच सुरू होतो. पण कूळ ठरायला आधी कोणाची तरी जमीन खंडानं कसत असायला हवं. सालगडी कूळ नाही, रोजंदारीवरची बाई कूळ नाही. वाड्यातल्या बहुतेक माणसांना त्या कायद्यानं काही दिलं नाही, कारण त्यांना कूळ व्हायचीसुद्धा संधी मिळाली नव्हती. १९५८ ला कनिष्ठ गावकामगार वतनं रद्द करणारा कायदा आला. राबणूक संपली, हे चांगलं झालं. वतनाची जमीन ठरावीक रक्कम भरून परत मिळणार होती, पण ती नवीन शर्तीवर, म्हणजे विकायची तर वरची परवानगी लागणार. आजही अशा जमिनीवर वर्ग २ चा शेरा असतो. आणि मिळाली ती किती? तोच भाऊबंदांत चिरफळ्या झालेला तुकडा.

मग दादासाहेबांनी सरळ प्रश्न विचारला. सरकारकडे पडीक आहे, गायरान आहे, जंगल खात्याची झाडं नसलेली जमीन आहे. दुसरीकडे राबायला हात आहेत आणि जमीन नाही. ही दोन्ही एकत्र का आणत नाही?

१९५९ साली भूमिहीनांचा सत्याग्रह सुरू झाला. खानदेशात जोर मोठा होता. नाशिक, नगर आणि मराठवाड्यातही लोण पोचलं. पद्धत साधी. पडीक जमिनीवर जायचं, नांगर घालायचा, पेरायचं, पोलीस आले की पळायचं नाही. अटक झाली की दुसरी तुकडी. लहान पोरं कडेवर घेऊन बाया तुरुंगात गेल्या. दलितांबरोबर आदिवासी आणि इतर समाजातले भूमिहीनही या लढ्यात आले. दादासाहेबांची मागणीच भूमिहीनाची होती, एका जातीची नव्हती. डाव्या पक्षांची साथ घ्यायलाही त्यांना संकोच वाटला नाही. सरकारनं शेवटी पडीक जमीन वाटायचं आश्वासन दिलं. काही ठिकाणी वाटप झालं, बऱ्याच ठिकाणी कागदच फिरत राहिले.

इकडे पक्षात वेगळंच चाललं होतं. बी. सी. कांबळे आणि त्यांच्या बाजूची शिकलेली मंडळी म्हणू लागली, की हा रस्त्यावरचा मार्ग बाबासाहेबांचा नाही. आपण घटनेच्या मार्गानं जायचं, कम्युनिस्टांच्या नादाला लागायचं नाही. पक्ष फुटला. दुरुस्त आणि नादुरुस्त असे गट पडले. दादासाहेबांच्या धोतरावरून, त्यांच्या शिक्षणावरून बोललं गेलं. कोटपाटलोण घातलेल्या वकिलांना गावाकडचा हा म्हातारा पुढारी म्हणून पटत नव्हता. कांबळ्यांच्या म्हणण्यात काहीच तथ्य नव्हतं असं मी म्हणणार नाही. अतिक्रमण करून मिळवलेली जमीन कायद्यात टिकवणं किती अवघड, हे आज पन्नास-साठ वर्षांनी आपण बघतोच आहोत. पण सरकारी ऑफिसातल्या राखीव जागा शिकलेल्याला मिळतात. ज्यानं शाळेचं तोंड पाहिलं नाही त्याला काय द्यायचं, याचं उत्तर त्या मंडळींकडे नव्हतं. दादासाहेबांकडे होतं.

१९६० मध्ये महाराष्ट्र राज्य झालं. बौद्ध झालेल्यांच्या सवलती राज्य सरकारनं चालू ठेवल्या, केंद्रानं मात्र दिल्या नाहीत. धर्म बदलला म्हणून गावातली वागणूक बदलली नव्हती, तरी दिल्लीच्या कागदावर हे लोक अनुसूचित जातीत राहिले नव्हते. १९६२ ते १९६८ दादासाहेब राज्यसभेत होते.

१ ऑक्टोबर १९६४ ला रिपब्लिकन पक्षानं पंतप्रधान लालबहादूर शास्त्रींना मागण्यांचं निवेदन दिलं. संसदेच्या मध्यवर्ती सभागृहात बाबासाहेबांचं तैलचित्र लावा. कसेल त्याला जमीन द्या. पडीक जमीन भूमिहीनांना द्या. धान्याचं वाटप नीट करा आणि भाव आवरा. झोपडपट्टीवाल्यांची सोय करा. किमान वेतनाचा कायदा नीट लागू करा. बौद्धांना सवलती द्या. दलितांचा छळ थांबवा. अस्पृश्यता कायद्यात न्याय मिळू द्या. राखीव जागा १९७० पर्यंत भरा. अशा दहा मागण्या. यादी वाचली तर कळतं, की निम्म्याहून अधिक मागण्या कोणत्याही गरिबाच्या आहेत. रेशन, महागाई, मजुरी, जमीन.

डिसेंबर १९६४ ला देशभर सत्याग्रह सुरू झाला. महाराष्ट्र, उत्तर प्रदेश, पंजाब, जिथं जिथं पक्ष होता तिथं माणसं कचेऱ्यांवर गेली आणि अटक करून घेतली. तीन लाखांहून जास्त लोक तुरुंगात गेले असा आकडा पक्षानं दिला. आकड्यावर वाद घालता येईल, पण भूमिहीनांच्या प्रश्नावर एवढी माणसं तुरुंगात गेल्याचं दुसरं उदाहरण शोधायला कष्ट पडतील. मोबाईल नाही, व्हॉट्सॲप नाही. निरोप एसटीनं आणि पायी जायचा. जिथं हाताला हात आणि पोटाला रोज लागतं तिथं रोज बुडवून माणसं तुरुंगात बसली. शास्त्रींबरोबर बोलणी झाली, बऱ्याच मागण्या मान्य करण्याची तयारी दाखवली गेली आणि सत्याग्रह मागे घेतला. मान्य झालेलं किती हातात पडलं याचा हिशोब पुढे येतोच.

शिवराज १९६४ मध्ये वारले. त्यानंतर दादासाहेबांच्या गटाची धुरा त्यांच्याकडेच होती. १९६७ च्या सुमारास त्यांनी काँग्रेसबरोबर समझोता केला. ज्या काँग्रेस सरकारच्या तुरुंगात माणसं पाठवली त्याच काँग्रेसचा हात धरला, म्हणून टीका झाली, आणि ती चुकीची नव्हती. यशवंतराव चव्हाणांशी त्यांचे संबंध चांगले होते. सत्तेजवळ गेल्याशिवाय जमिनीचे कागद हलत नाहीत असा त्यांचा हिशोब असावा. झालं असं, की काही पुढाऱ्यांना पदं मिळाली आणि गायरान तिथंच राहिलं. पक्षाचे आणखी तुकडे झाले. या भागात रिपब्लिकन म्हटलं की लोक आजही विचारतात, कुठला गट? या आजाराची सुरुवात दादासाहेबांच्या हयातीतच झाली होती आणि तो त्यांना रोखता आला नाही.

१९६८ ला त्यांना पद्मश्री मिळाली. कर्मवीर ही पदवी लोकांनी आधीच दिली होती. २९ डिसेंबर १९७१ ला ते गेले. पुरते पाच महिने होतात न होतात तोच, २९ मे १९७२ ला, मुंबईत तरुणांनी दलित पँथर काढली. रिपब्लिकन गटबाजीचा त्यांना वीट आला होता.

त्या दहा मागण्यांतलं तैलचित्र संसदेत १९९० साली लागलं. बौद्धांना केंद्राच्या सवलतीही त्याच वर्षी मिळाल्या. म्हणजे निवेदन देऊन पंचवीस वर्षं उलटल्यावर.

जमिनीचं काय? राज्य सरकारनं १९९१ मध्ये निर्णय काढला, की १४ एप्रिल १९९० पूर्वीची भूमिहीन मागासवर्गीयांची गायरानावरची शेतीची अतिक्रमणं नियमित करायची. त्यासाठी पुरावा लागतो. गाव नमुना १-ई मधली नोंद, दंड भरल्याची पावती, असं काहीतरी. ज्या दंडाला घाबरून माणसं पावती फाडून टाकायची, तीच पावती कामाची ठरली. पुढे २०११ मध्ये सर्वोच्च न्यायालयानं गावाच्या सार्वजनिक जमिनीवरच्या अतिक्रमणांबद्दल कडक निकाल दिला. त्यात भूमिहीनांना दिलेल्या पट्ट्यांसारख्या काही बाबींना अपवाद ठेवला. तरीही ज्यांची प्रकरणं अर्धवट राहिली त्यांना नोटिसा येतात.

आणि २००४ मध्ये ही दादासाहेबांच्या नावाची योजना आली. अनुसूचित जाती आणि नवबौद्धांतल्या दारिद्र्यरेषेखालच्या भूमिहीन कुटुंबाला चार एकर जिरायत किंवा दोन एकर बागायत. जमीन सरकार विकत घेऊन देणार. विधवा आणि परित्यक्ता बायांना आधी. सुरुवातीला निम्मं कर्ज आणि निम्मं अनुदान होतं, २०१८ पासून पूर्ण अनुदान. दराला मर्यादा आहे, जिरायतीला एकरी पाच लाख आणि बागायतीला आठ लाखांपर्यंत. दिंडोरी, निफाडकडे द्राक्षाच्या पट्ट्यात या भावात कोण जमीन देईल? मालक हसतो आणि विषय बदलतो. मग मिळते ती डोंगराकडची, मुरमाड, पाण्याविना. काही ठिकाणी तीही मिळत नाही आणि अर्ज पडून राहतो.

ज्यांच्या घरी आज्या-पणज्यापासून गायरान कसलं जातंय त्यांनी तलाठ्याकडून १-ई चा उतारा काढून ठेवावा आणि जुन्या पावत्या पेटीत असतील तर त्यांचे मोबाईलवर फोटो काढून घ्यावेत. कागद जुना झाला की शाई उडते.